पाऊस मोजतो, पाणी कधी मोजणार?

एप्रिल 2016. मांजरा धरण आटलं आणि लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. पाऊस कमी झाला होता, खरंय. पण त्याच मांजरा खोऱ्यात वर्षानुवर्षं ऊस वाढत गेला, त्याचं काय?

नगरचं हिवरे बाजारही कमी पावसाचंच गाव. तिथं दरवर्षी गावकरी पाण्याचा ताळेबंद मांडतात. आधी माणसांचं, जनावरांचं पाणी. उरेल त्यावर पिकं ठरतात. शेतीसाठी बोअर नाही, ऊस-केळी नाही.

टँकर मागायला आपण सगळे जमतो. मला वाटतं, तसंच हिशेब मागायलाही जमावं. पावसाळा संपला की ग्रामसभेत एवढंच विचारा: गावात पाणी किती आहे, आणि ते कुणाच्या वाट्याला जाणार?