पाकिटामागचे अवघड शब्द



पाकिटावर हिरवा ठिपका दिसला की आपण निर्धास्त होतो. पण तो ठिपका सरकारी व्याख्येतला शाकाहार सांगतो, आपला श्रावकाचार नव्हे. त्या व्याख्येत मध, मधमाशीचं मेण आणि शेलॅक यांना सूट आहे. (कांदा-लसणाचं तर विचारूच नका.) म्हणून मागची बारीक अक्षरं वाचावी लागतात.

'शेलॅक' म्हणजे चकचकीत गोळ्या-चॉकलेटांवरचा लेप. कधी तो 'कन्फेक्शनर्स ग्लेझ' अशा गोंडस नावानं येतो, कधी नुसता ९०४ आकडा. यातलं 'लॅक' म्हणजे आपली लाख. किड्यांनी फांदीवर केलेला थर खरवडून ती काढतात, आणि त्यात किडेही जातात.

परदेशातून कुणी सोबत आणलेल्या खाऊवर तर बहुधा ठिपकाच नसतो. नणंदबाईंनी अमेरिकेहून आणलेल्या गुलाबी गोळ्यांवर 'कार्मिन' होतं. याचा उच्चार कुणी कार्मिन करतं, कुणी कार्माइन, दोन्ही बरोबर. 'कॉचिनील' आणि १२० ही त्याच घरातली नावं. निवडुंगावरचे किडे वाळवून हा लाल रंग काढतात. एक पौंड वाळलेल्या किड्यांत साधारण ७०,००० जीव असतात. अमेरिकेत २०११ पासून हे नाव स्पष्ट छापणं सक्तीचं आहे, त्याआधी नुसता 'रंग' म्हटलं तरी चालायचं.

मला खरं आश्चर्य वाटलं ते या शब्दाच्या कुळाचं. कार्मिनच्या मागे अरबी 'किर्मिझ', आणि त्याच्याही मागे संस्कृत 'कृमिज', म्हणजे किड्यापासून झालेला. आपण लुगड्याच्या रंगाला 'किरमिजी' म्हणतो, तो हाच शब्द. सासूबाईंना इंग्रजी येत नाही, पण 'कृमिज' ऐकताच त्या म्हणाल्या, "अगं, मग नावातच सांगितलंय की!" गोळ्यांचं पाकीट त्यांनीच उचलून बाजूला ठेवलं. नणंदबाई जरा हिरमुसल्या. एवढ्या लांबून प्रेमानं आणलेलं. पुढच्या वेळी त्यांनी बदाम आणले.

चीज घेताना 'रेनेट' शब्द शोधा. ते वासराच्या जठरातलं असू शकतं. 'मायक्रोबियल रेनेट' लिहिलं असेल तर ते सूक्ष्म जीवांपासून केलेलं, त्याचं काय करायचं ते आपापल्या नियमाप्रमाणे ठरवा. 'आल्ब्युमिन' म्हणजे बहुधा अंड्यातला पांढरा बलक. मी १२० आणि ९०४ हे आकडे कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेत. मुलगा आता दुकानातच पाकीट उलटं करून बघतो.