तेव्हापासून आणि त्यामुळे

अपघात केव्हा संपतो, असे कुणी विचारले तर आपण त्याला वेड्यात काढू. गाडी उलटली, माणूस पडला, लोक धावले, दवाखान्यात नेले. झाला की अपघात! पण मला अलीकडे वाटू लागले आहे की, अपघात घडायला क्षण पुरत असला तरी तो संपायला कधी कधी एक जन्मही पुरत नाही. हे शहाणपण मला कुठल्या ग्रंथात सापडले नाही. ते मिळाले एका जुन्या विद्यार्थ्याच्या अभ्यासातून.

हा मुलगा पुण्यात मेडिकल कोडिंगच्या परीक्षेची तयारी करतो आहे. अमेरिकेतल्या डॉक्टरांची टिपणे वाचायची आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला आकडा लावायचा, हा त्याचा उद्याचा धंदा. त्या आकड्यांवर तिकडचे विम्याचे हिशेब चालतात. परवा त्याने सरावाचा एक उतारा मला पाठवला. ५२ वर्षांचा एक गृहस्थ; ११ वर्षांपूर्वी गोठलेल्या तळ्यावर स्नोमोबाईल चालवताना पडला; उजव्या गुडघ्याची वाटी फुटली; 'एव्हर सिन्स' गुडघा दुखतो. खाली त्याचा प्रश्न होता, "सर, हे एव्हर सिन्स म्हणजे 'तेव्हापासून' की 'त्यामुळे'?"

पुढे दोन घसरपट्ट्या, मागे रणगाड्यासारखा फिरता पट्टा आणि मध्ये फटफटीची बैठक, असे हे बर्फावर धावणारे वाहन. ते त्यानेही पाहिलेले नाही आणि मीही नाही. आमच्या तालुक्यात बर्फ दिसते ते गोळेवाल्याच्या गाडीवर. पण त्याने फोनवरून मला जे शिकवले, ते ऐकताना मी मास्तर आहे हे विसरून गेलो.

मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी झाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली मांडली. पुढे १९४८ च्या सुमारास ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली आणि तिच्यात रोग व इजाही शिरल्या. तिच्या दहाव्या आवृत्तीला स्वतःच्या सोयीची मुरड घालून अमेरिकेने ती १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणली. तीत स्नोमोबाईलच्या चालकाला वेगळा आकडा, मागे बसणाऱ्याला वेगळा, आणि चढता-उतरता पडला त्यालाही वेगळा! गोठलेले तळे हा काही सार्वजनिक रस्ता नव्हे; म्हणून आमच्या गृहस्थाला व्ही ८६.५२. पण एवढ्याने भागत नाही. सातव्या घरात एक अक्षर हवेच. उपचार चालू असतील तर 'ए', पुढची देखभाल असेल तर 'डी', आणि जखम भरून गेल्यावर मागे काही उरले असेल तर 'एस'. सहावे घर रिकामे राहते, तिथे 'एक्स' घालायचा. संस्कृत श्लोकातले 'च', 'वै', 'तु', 'हि' पादपूरणार्थ येतात ना, तसा हा एक्स! मला मोठी मौज वाटली.

पण मन अडकले ते 'एस'पाशी. 'सीक्वेला' म्हणजे मागून येणारी. ती किती मागून यावी याला मुदत नाही. वर्षाने येवो की चाळीस वर्षांनी, नियम तिला दार लावून घेत नाही. आणि मांडणीचा क्रम तर पाहा: आज जे दुखते ते आधी, म्हणजे इजेनंतर झालेली गुडघ्याची झीज, एम १७.३१, मग ती जुनी इजा, एस ८२.००१ एस, आणि स्नोमोबाईल सर्वांत शेवटी. आम्ही कादंबरीकार नेमके उलट करतो. आधी बर्फ, मग वेग, मग किंकाळी. आणि गुडघा उपसंहारात.

मात्र हा 'एस' कोडरने आपल्या मनाने लावायचा नाही. आजचे दुखणे त्या इजेमुळेच आहे, असे डॉक्टरांच्या टिपणात असले पाहिजे. नसेल तर डॉक्टरांना विचारायचे. मी विद्यार्थ्याला कळवले, "एव्हर सिन्स म्हणजे तेव्हापासून. त्यामुळे नव्हे."

हा संयम आम्हा लेखकांना कुठला? याच यंत्राची गोष्ट घ्या. कॅनडातल्या क्वेबेक प्रांतात जोसेफ-आर्मां बाँबार्दिए नावाचा यंत्रज्ञ होता. १९३४ च्या हिवाळ्यात त्याचा दोन वर्षांचा मुलगा आजारी पडला. रस्ते बर्फाने बुजलेले, इस्पितळ गाठता आले नाही, मूल गेले. १९३७ मध्ये त्याने बर्फावर चालणाऱ्या वाहनाचे पेटंट मिळवले आणि १९५९ मध्ये त्याची 'स्की-डू' बाजारात आली. दुसरा कुणी कादंबरीकार असता तर त्याने डोळे मिटून 'त्यामुळे' लिहिले असते. मीही लिहिले असते! परंतु तोच बाँबार्दिए १९२२ साली, अवघ्या पंधराव्या वर्षी, मोटारीचे इंजिन आणि पंखा जोडून बर्फावर गाडी पळवून बसला होता. मुलाच्या मृत्यूने बापाचा हात अधिक वेगाने चालला असेल. पण त्या हाताला आधीपासूनच वेड होते. दुःख खरे असते म्हणून त्याला चिकटवलेले प्रत्येक कारण खरे ठरत नाही.

आणि उलटही खरे आहे. कारण कुणी लिहिले नाही म्हणून दुःख खोटे ठरत नाही. माझी आत्या तरुणपणी जत्रेहून येताना बैलगाडीतून पडली. हाडवैद्याने मांडीला कामट्या बांधल्या. कागद असा एकही नाही. तेव्हापासून ती लंगडते आणि पावसाळ्यात रात्ररात्र कण्हते. घरात सगळे म्हणत, "आत्याला कण्हायची सवयच आहे." लहानपणी आम्ही मुले तिच्या चालण्याची नक्कल करीत असू. तिने कधी वाद घातला नाही. "तेव्हापासून दुखतंय रे," एवढेच म्हणायची.

बैलगाडीतून पडणाऱ्यालाही त्या यादीत जागा आहे. व्ही ८० खाली पाहावे, असे विद्यार्थ्याने सांगितले. पण आत्याचा आकडा कोण लावणार! गेल्या श्रावणात मी तिला तालुक्याच्या डॉक्टरांकडे नेले. त्यांनी विचारले, "आजी, कोणत्या साली पडलात?" ती म्हणाली, "थोरल्याचं बारसं झालं त्या साली." डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी एक्स-रे काढला, उजेडावर धरून बराच वेळ पाहिला आणि कागदावर इंग्रजीत दोन ओळी लिहिल्या.

बाहेर बाकावर बसल्यावर ती म्हणाली, "काय लिवलंय, वाच."

मी वाचून मराठीत सांगितले, "मांडीचं हाड जुन्या मोडीनंतर वाकडं जुळलंय. त्यामुळे वेदना."

ती काही वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "म्हंजे मी उगा कण्हत नव्हते."

गोळ्यांनी थोडा उतार पडतो. पाय आहे तसाच आहे. तो कागद मात्र आत्याने ट्रंकेत, सातबाऱ्याच्या उताऱ्याशेजारी जपून ठेवला आहे.