जरा सरकून घ्या

मासा हा खाण्याचा विषय आहे. फार तर काचेच्या पेटीत ठेवून पाहण्याचा. त्याच्याविषयी वाचण्याच्या भानगडीत सुज्ञ माणसाने पडू नये. सुरमईचे कौटुंबिक जीवन आपल्याला ठाऊक नसते, म्हणूनच आपण दुसरी तुकडी मागू शकतो. पण विदूषक मासा काही आपल्या ताटात येत नाही, तेव्हा त्याच्याविषयी वाचायला हरकत नाही, अशा हिशेबाने मी वाचायला बसलो आणि तिथेच गुंतलो. कारण त्या बोटभर माशाच्या बिऱ्हाडात मला आमची गिरगावातली चाळ सापडली, आणि चाळीच्या पाठोपाठ आमची कचेरीही सापडली.

विदूषक मासा म्हणजे नारिंगी अंगाचा आणि पांढऱ्या पट्ट्यांचा, सर्कशीतून नुकताच सुटून आल्यासारखा दिसणारा मासा. त्याच्या तीसएक जाती आहेत. हिंदी महासागर आणि पश्चिम पॅसिफिकच्या उबदार, उथळ पाण्यात, पोवळ्यांच्या खडकांत हे मासे राहतात. आपल्या लक्षद्वीप-अंदमानकडेही त्यांची वस्ती आहे. जागा मात्र ठरलेली : समुद्रफूल. नावावर जाऊ नका. हे फूल म्हणजे एक प्राणीच असतो आणि त्याच्या प्रत्येक पाकळीत विषारी नांग्या दडलेल्या असतात. दुसरा मासा चुकून टेकला तर संपला. विदूषक माशाच्या अंगावर मात्र असा काही बुळबुळीत लेप असतो की, फूल त्याला डसत नाही.

या जागेचे भाडे तो चोख भरतो. फुलाचे लचके तोडायला येणाऱ्या फुलपाखरू माशांना तो हाकलतो, त्याच्या मलमूत्रावर फुलाचे पोषण होते आणि रात्री तो फुलात वळवळत राहतो, म्हणजे पाणी खेळते राहते. घराची राखण, जेवणाचा डबा आणि वर पंखा! असा भाडेकरू मिळाला तर मुंबईतला कुठलाही घरमालक घेतलेली पागडी परत करील.

एका फुलात दोनापासून सहापर्यंत मासे राहतात. सर्वांत मोठी ती बाई. तिच्या खालोखाल तिचा नवरा. त्याच्या खाली तिसरा, चौथा, पाचवा, असे आकाराने लहान लहान होत गेलेले, अगदी उतरंडीतल्या मडक्यांसारखे. पिल्ले होतात ती फक्त वरच्या दोघांना. वाचणाऱ्याला वाटते, खालची मंडळी म्हणजे मुलेबाळे असणार. छे! अंड्यातून बाहेर पडलेली पिल्ले दहा-बारा दिवस समुद्रावर वाहत जातात आणि सापडेल त्या फुलात शिरतात. म्हणजे घरात कोणी कोणाचे नात्याचे नाही. सगळे पोटभाडेकरू.

मग हे बिनपगारी उमेदवार तिथे करतात काय? वाट पाहतात! पीटर बस्टन नावाच्या शास्त्रज्ञाने पापुआ न्यू गिनीतल्या मडांगच्या खाजणात या माशांची मोजमापे घेतली आणि २००३ साली ती प्रसिद्ध केली. प्रत्येक मासा आपल्या वरच्या माशाच्या साधारण चार पंचमांश आकाराचाच राहतो. त्याहून वाढायला लागला तर वरचा त्याला आपला प्रतिस्पर्धी समजतो आणि फुलाबाहेर काढतो. बाहेर कोणीतरी तोंड उघडून उभाच असतो. तेव्हा शहाणा मासा आपली वाढच आवरून धरतो.

आमच्या कचेरीला हे शास्त्र फार पूर्वीपासून अवगत होते. साहेबांची फियाट, हेडक्लार्कची स्कूटर, आमची सायकल आणि शिपायाच्या वहाणा, हे चार पंचमांशाचे प्रमाण तेहतीस वर्षांत कधी ढळले नाही. हेडक्लार्कपेक्षा चांगला मसुदा लिहिणारा कारकून आम्ही एकच पाहिला. त्याची बदली इतकी लांब झाली की, त्याच्या लग्नाची पत्रिका आम्हांला मुंजीच्या वेळी मिळाली. वरचा मासा अंगावर आला की, खालचा मासा मान थरथरवतो आणि बारीकसा आवाज काढतो, असेही शास्त्रज्ञांनी नोंदवले आहे. हीच क्रिया आम्ही ‘होय साहेब’ अशी दोन शब्दांत करीत असू. मासा अधिक अल्पाक्षरी.

बरे, ही वाट पाहायची तरी किती? त्या बाईचे आयुष्य तीस वर्षांपर्यंत असू शकते, असा अंदाज आहे. तिला निवृत्तीचे वय नाही. मुदतवाढ नाही, कारण मुळात मुदतच नाही. आणि नवऱ्याकडे पाहून तिसऱ्या नंबरने आशा धरावी, तर तो पठ्ठ्या अंड्यांना परांनी वारा घालीत, नासलेली वेचून काढीत आठवडाभर तिथेच ठाण मांडून! हा भाग मी सौ.ला मुद्दाम वाचून दाखवला नव्हता. तिने तो आपण होऊन वाचला आणि काही बोलली नाही. ते न बोलणे मला अजून ऐकू येते.

पण एक दिवस बाई जाते. आणि मग जी बढती होते, तशी आमच्या सेवानियमांच्या पुस्तकात कुठल्याच परिशिष्टात नाही. नवरा वाढतो आणि काही आठवड्यां-महिन्यांत चक्क बाई होतो! तिसरा नंबर त्याचा नवरा होतो, चौथा तिसरा होतो, सगळी उतरंड एकेक पायरी वर सरकते. योगायोग असा की, बस्टनची मोजमापे छापून आली त्याच २००३ साली ‘फाइंडिंग निमो’ हा चित्रपट निघाला. त्यात आई जाते आणि बाप हरवलेल्या पोराला शोधायला समुद्र पालथा घालतो. मी नातीला म्हटले, “नियमाप्रमाणे त्या बापानं आधी आई व्हायला हवं होतं.”

“मग त्यानं निमोला शोधलं असतं का, आजोबा?”

“शोधलं असतं की.”

“मग झालं तर,” असे म्हणून तिने पुन्हा चित्रपटात तोंड घातले.

इथपर्यंत सगळी गंमत होती. पुढे २०२३ सालची गोष्ट वाचली. पापुआ न्यू गिनीतच किंबेच्या उपसागरात त्या वर्षी समुद्र तापला. शास्त्रज्ञांनी तिथल्या १३४ विदूषक माशांना पाच महिने दर महिन्याला पट्टी लावली. बहुतेक मासे आखूड झाले होते. रोडावले नव्हते, लांबीलाच काही मिलिमीटर कमी झाले होते. अंग लहान तर भूक लहान. ज्या जोडप्यांत दोघेही मिळून लहान झाले, ती जोडपी जास्त तगली.

हे वाचल्यावर मला कचेरी आठवली नाही, आई आठवली. चाळीतल्या दोन खोल्यांत आम्ही अकरा माणसे. गावाहून कोणी आले की, आत्याबाई म्हणत, “जरा सरकून घ्या गं,” आणि सरके ती आईच. पंगत उठल्यावर उरेल ते तिचे जेवण, सगळे निजल्यावर उरेल ती तिची जागा. पुढे डोंबिवलीला आम्ही तीन खोल्यांचा ब्लॉक घेतला. तिला स्वतंत्र पलंग केला. तरी ती भिंतीला चिकटून, पाय पोटाशी घेऊन निजे. मी म्हणे, “आई, ऐसपैस नीज की.” ती म्हणे, “सवय झालीय रे.” समुद्र निवल्यावर मासे पुन्हा वाढू शकतात. आई काही पुन्हा वाढली नाही.

आणि सरकून घेण्याला शेवटही असतो. त्याच २०२३ साली तांबड्या समुद्रात, सौदी अरबस्तानच्या बाजूला, पाणी इतके तापले की, समुद्रफुलांना रंग आणि अन्न पुरवणारे शेवाळ निघून गेले, फुले पांढरी पडली आणि पुष्कळशी मेली. तिथले विदूषक मासे जवळजवळ सगळेच नाहीसे झाले. सरकायलासुद्धा बूड टेकण्यापुरती जागा लागतेच. ते पाणी तापवायला विदूषक माशाने कधी चूल पेटवली नव्हती. ज्यांनी पेटवली त्यांच्यांत आपणही आलो, आणि आपण आकाराने चार पंचमांश व्हायला तयार आहोत, असे काही दिसत नाही.

हे सगळे मी सौ.ला सांगितले. ती मेथी निवडत होती. म्हणाली, “मोजले म्हणून कळलं ना? आमच्या स्वयंपाकघरात पट्टी घेऊन कोण आलंय कधी?”

माझ्यापाशी उत्तर होते, पण ते तिच्या उत्तराच्या चार पंचमांशदेखील भरले नसते. मी नुसती मान थरथरवली आणि मेथीची दुसरी जुडी पुढे ओढली.