साडेबारा कीं साडेतेरा?

गणित चुकलें तर पाटी पुसावी व पुन्हा मांडावें, असें आम्ही शाळेंत तीस-बत्तीस वर्षें मुलांना सांगत आलों. तो उपदेश खोटा होता असें नाहीं. परंतु अपुरा होता. कांहीं गणितें अशीं असतात कीं, त्यांतील चूक ध्यानांत येते तेव्हां तीं पुन्हा मांडण्याची सोय राहिलेली नसते. असेंच एका तासाचें एक गणित आमच्या हातून चुकलें. तें साध्या बेरीज-वजाबाकीचें होतें, आणि हल्लीं घरोघर करावें लागतें; कारण ज्याचें एकहि माणूस समुद्रापलीकडे नाहीं असें घर आपल्यांत आतां विरळाच सांपडेल. म्हणून तें येथें मांडून दाखवितों. वाचकांपैकीं एकाचा जरी तास वांचला, तरी आमची चूक अगदींच वायां गेली नाहीं असें समजूं.

आम्ही तिघें भावंडें. वडील बहीण आक्का सांगलीस गांवभागांत दिलेली, मधले आम्ही साताऱ्यास, आणि धाकटा बाळ अमेरिकेंत कॅलिफोर्निया प्रांतीं, सॅन होझे शहरांत. माहुलीच्या संगमावरून पुढें गेलेली कृष्णाच सांगलीच्या घाटाला लागते, म्हणून आक्का आम्हांस थट्टेनें म्हणे, "अण्णा, तुझें पाणी मला रोज पोहोंचतें, बाळाचें कांहींच पोहोंचत नाहीं." बाळाकडून पोहोंचत असे तो केवळ आवाज, आणि तोहि दोन्हीकडची वेळ जुळली तर.

वेळ ही मुळांत ज्या त्या गांवची असते. सूर्य माथ्यावर आला कीं त्या गांवीं मध्यान्ह. पृथ्वीला एक अंश फिरण्यास चार मिनिटें, म्हणजे आपलीं दहा पळें लागतात. सातारा पूर्व रेखांश ७४ वर, तर सांगली ७४ अंश ३४ कलांच्या आसपास. म्हणून सांगलीचा मध्यान्ह साताऱ्याच्या आधीं सुमारें सव्वादोन मिनिटें होतो. वडीलपणाचा मान सूर्यहि राखतो, असें आम्ही आक्काला म्हणत असूं. आपल्या देशाची प्रमाणवेळ मात्र साडेब्याऐंशीं अंशांच्या रेखेवरची आहे. त्यामुळें साताऱ्याचा मध्यान्ह मध्यम मानानें घड्याळांत १२ वाजून ३४ मिनिटांनीं येतो, आणि सांगलीचा १२ वाजून ३२ मिनिटांनीं.

ही प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली. तत्पूर्वीं मुंबई, मद्रास, कलकत्ता यांच्या वेळा निरनिराळ्या होत्या. मुंबईची वेळ ग्रीनिचच्या पुढें ४ तास ५१ मिनिटें, म्हणजे नव्या वेळेच्या ३९ मिनिटें मागें होती. आणि ती सोडण्यास मुंबईंतील पुष्कळ लोक पुढें कित्येक वर्षें तयार झाले नाहींत. आमचे आजोबा त्याच पिढींतले. संध्येची वेळ ते खिशांतल्या घड्याळावरून कधीं ठरवीत नसत. "घड्याळ सरकारचें, सूर्य आपला," असें म्हणत. पुढें दुसऱ्या महायुद्धांत, १ सप्टेंबर १९४२ पासून १५ ऑक्टोबर १९४५ पर्यंत, देशभर घड्याळें आणखी एक तास पुढें सारलेलीं होतीं; तेव्हां तर आजोबांच्या हिशेबीं घड्याळाची अब्रूच गेली! सांगावयाचें तें इतकेंच कीं, घड्याळांतील आंकडा हा लोकांनीं आपसांत केलेला ठराव असतो, आणि ठराव बदलतां येतो.

देशांतराचें हें शास्त्र आपल्याकडे जुनें आहे. ग्रीनिचचें नांव कोणास ठाऊक नव्हतें तेव्हां उज्जयिनीवरून जाणारी रेखा हीच आपल्या ज्योतिष्यांची मूळ रेखा होती. लंकेंत सूर्य उगवतो तेव्हां यमकोटींत मध्यान्ह, सिद्धपुरांत सूर्यास्त व रोमकांत मध्यरात्र असते, असें आर्यभटानें इ. स. ४९९ च्या सुमारास लिहून ठेवलें आहे. सूर्यसिद्धांतांत तर देशांतर काढण्याची युक्तिहि दिलेली आहे: मूळ रेखेसाठीं चंद्रग्रहणाची गणितानें वेळ काढावी, आपल्या गांवीं तें प्रत्यक्ष केव्हां दिसतें तें पाहावें, आणि जें अंतर पडेल त्यावरून आपण मूळ रेखेच्या पूर्वेस कीं पश्चिमेस व किती, तें ठरवावें. उज्जयिनीच्या बरोबर समोरची रेखा आज पाहूं गेल्यास अमेरिकेंतील डेन्वर शहराजवळून जाते. बाळाचें गांव त्याच्याहि पुढें पश्चिमेस. हें सर्व आम्हीं मुलांना रंगून शिकविलेलें. त्यामुळें या विषयांत आपली चूक होणें शक्य नाहीं, असा आम्हांस अभिमान होता.

सांगली आणि सॅन होझे यांमधील अंतर अंशांनीं काढलें तर १३ तास ६ मिनिटें येतें. परंतु हें झालें सूर्याचें अंतर. कॅलिफोर्नियाचें घड्याळ हिंवाळ्यांत ग्रीनिचच्या ८ तास मागें असतें व उन्हाळ्यांत ७ तास. आपलें बारा महिने साडेपांच तास पुढें. म्हणून आपण त्यांच्यापुढें उन्हाळ्यांत साडेबारा तास, आणि हिंवाळ्यांत साडेतेरा. आम्हीं एक जाड पुठ्ठा घेतला, त्यावर 'उन्हाळी १२॥, हिंवाळी १३॥' असें ठळक लिहून खालीं कोष्टक आंखलें, आणि तो आक्काच्या घरीं देवघराशेजारीं टांगला. भाच्याची मुलगी म्हणाली, "आजोबा, मोबाईलमध्यें दोन्ही गांवच्या वेळा आपोआप दिसतात." आम्हीं तिला सांगितलें कीं, यंत्रानें सांगितलेलें विसरतें, हातानें मांडलेलें राहतें. मुलगी बिचारी गप्प बसली.

२०२४ सालची भाऊबीज ३ नोव्हेंबर रोजीं, रविवारीं आली. दरवर्षींप्रमाणें आम्ही सांगलीस जाणार होतों. बाळाला आक्का फोनवरच्या त्याच्या चेहऱ्यासमोर निरांजन धरून ओवाळीत असे. ती ऐंशी ओलांडलेली. रात्रीं नवाला औषध घेतलें कीं तिला झोंप आवरत नसे. म्हणून तिच्यासाठीं साडेआठ ही वेळ आम्हीं धरली, त्यांतून साडेबारा वजा केले, आणि दसऱ्याच्या सुमारास बाळाला कळविलें, "भाऊबीजेस तुझ्या सकाळीं बरोबर आठाला बोल." येथें त्या वेळीं किती वाजलेले असतील, तें लिहिण्याची आम्हांस गरज वाटली नाहीं. अण्णाचें गणित चुकावयाचें नाहीं, या विश्वासानें त्यानेंहि विचारलें नाहीं.

चूक कोठें झाली तें आतां सांगतों. कार्तिक हा शरद् ऋतूंतला महिना. हेमंत लागतो तो मार्गशीर्षांत. पुठ्ठ्यावरचा 'हिंवाळी' आंकडा तोंपर्यंत लागू होणार नाहीं, असें आम्हीं धरून चाललों. अमेरिकेच्या घड्याळाला आमचे ऋतु ठाऊक नाहींत. तेथें २००७ सालापासून मार्चच्या दुसऱ्या रविवारीं घड्याळ एक तास पुढें जातें, आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारीं पहाटे दोन वाजतां एक तास मागें येतें. त्या वर्षीं तो पहिला रविवार म्हणजे भाऊबीजच! तिकडचे पहाटेचे दोन म्हणजे आपले दुपारचे अडीच. आम्ही आक्काच्या घरीं जेवून ओसरीवर वामकुक्षी करीत होतों, त्याच वेळीं तिकडे तो तास सरकला.

सायंकाळीं बीजेची कोर पश्चिमेस दिसत होती. शेजारची एक मुलगी, जिला भाऊ नाहीं, अंगणांत उभी राहून चंद्राला ओवाळीत होती. भाचेसून आक्काला म्हणाली, "तुम्हीहि बाळमामांसाठीं चंद्राला ओवाळून घ्या, फोनचें काय, लागला तर लागला." आक्कानें साफ नाकारलें. "मला दोन दोन भाऊ असतांना मी चंद्राला कां ओवाळूं?" आम्हांस ओवाळून झालें. दुसरा पाट तसाच मांडलेला, भोंवतीं रांगोळी, तबकांत निरांजन, सुपारी व बाळाला आवडतो म्हणून नारळीपाकाचा लाडू. साडेआठ झाले. पावणेनऊ झाले. भाचा म्हणाला, "आपणच लावूं का फोन?" आक्का म्हणाली, "ओवाळून घ्यायला भावानें आपण होऊन यायचें असतें. बोलावून आणलेला भाऊ कसला?" आम्हीहि पुठ्ठ्याकडे बोट दाखवून म्हणालों, "त्याचे आठ वाजून गेले, येईलच इतक्यांत." नवाला तिनें औषध घेतलें, निरांजन स्वतःच्या हातानें शांत केलें, आणि आंत जाऊन निजली.

बरोबर साडेनऊला फोन वाजला. बाळ स्नान करून, कुंकू लावून, टोपी घालून बसला होता. "अण्णा, आठाला एक मिनिटहि कमी-जास्त नाहीं बघ!" त्याचें सांगणें अक्षरशः खरें होतें. आक्का निजली असें ऐकतांच तो क्षणभर थांबला, आणि म्हणाला, "नको, उठवूं नका तिला." आम्हीं उठविलें नाहीं. मागाहून पंचांग पाहिलें तों, द्वितीया त्या रात्रीं दहापर्यंत होती. एक तास आमच्या गणितानें घालविला खरा. पण त्यानंतरहि बीजेचा अर्धा तास शिल्लक होता, आणि तो आमच्या संकोचानें गेला. दुसऱ्या दिवशीं दोघांचें बोलणें झालें. ओवाळ, असें बाळानें सुचवून पाहिलें. आक्का हंसून म्हणाली, "बीज गेली रे. आतां पुढल्या वर्षीं."

पुढलें वर्ष तिला मिळालें नाहीं. मार्गशीर्ष शुद्ध एकादशीस, गीताजयंतीच्या रात्रीं साडेबाराच्या सुमारास ती गेली. दाखल्यावर तारीख लागली १२ डिसेंबर. बाळाला कळविलें तेव्हां तिकडे ११ डिसेंबरचे सकाळचे अकरा वाजून गेलेले. कांहीं दिवसांनीं त्यानें विचारलें, "अण्णा, आक्काचा दिवस मीं कोणता धरावा? माझ्या भिंतीवर अकरा तारीख होती, तुमच्या कागदावर बारा."

या वेळीं आम्हीं घाई केली नाहीं. पंचांग, कागद व पेन्सिल घेऊन बसलों. तिथि म्हणजे चंद्र सूर्याच्या पुढें बारा अंश जाण्यास लागणारा काळ. तिचा आरंभ व शेवट आकाशांत घडतो. तो सर्व पृथ्वीला एकाच क्षणीं असतो, आंकडे मात्र ज्या त्या घड्याळाचे. ती एकादशी आपल्याकडे मध्यरात्रीनंतर एकच्या पुढें संपली. तिकडे त्याच क्षणीं दुपारचे बारा वाजावयाचे होते. म्हणजे आक्का गेली त्या वेळीं सांगलीस एकादशी होती आणि सॅन होझेसहि एकादशीच होती. तारखा दोन, तिथि एक. बाळाला तसें कळविलें.

वर्ष भरलें तेव्हां याचीच दुसरी बाजू दिसली. २०२५ सालची मार्गशीर्ष शुद्ध एकादशी आपल्याकडे ३० नोव्हेंबरच्या रात्रीं लागून १ डिसेंबरच्या सायंकाळीं संपली. वर्षश्राद्धासाठीं अपराह्णीं असणारी तिथि पाहावयाची; म्हणून भाच्यानें सांगलीस सोमवारीं, १ डिसेंबरला तें केलें. बाळाच्या गांवीं तीच एकादशी ३० तारखेस सकाळीं लागून दुसऱ्या दिवशीं उजाडण्यापूर्वींच संपत होती. तेथील अपराह्ण तिला सांपडला तो रविवारीं. त्यानें रविवारीं आक्काच्या नांवानें उपासाचें पान मांडलें: वऱ्याचे तांदूळ, दाण्याची आमटी, आणि एक नारळीपाकाचा लाडू. वार निराळा, तारीख निराळी. पण दोघांची तिथि तीच.

आतां वाचकांस व्यवहाराचें दोन शब्द सांगून पुरें करतों. परदेशीं माणसाला वेळ कळवितांना दोन्ही गांवची वेळ, दोन्हीकडची तारीख आणि वार लिहावा. आम्हीं 'सांगलीचे रात्रीं साडेआठ' इतकेच शब्द अधिक लिहिले असते, तर बाळानें आमची चूक तेथेंच धरली असती. आपलें घड्याळ वर्षभर स्थिर असतें, दुसऱ्याचें नसतें, हें विसरूं नये. अमेरिकेचा बदल वर सांगितलाच. इंग्लंड व बहुतेक युरोपांत तो मार्च व ऑक्टोबर यांच्या शेवटच्या रविवारीं होतो. सिडनी-मेलबर्नकडे उन्हाळाच उलट. तेथें ऑक्टोबरच्या पहिल्या रविवारीं घड्याळ पुढें जातें आणि एप्रिलच्या पहिल्या रविवारीं मागें येतें. ऋतूंचीं नांवें पाहून अंदाज करूं नये, तारखा पाहाव्या. आणि बोलण्याच्या वेळेस फोन आला नाहीं, तर मानापमान बाजूस ठेवून आपणच करावा. माणूस निजलें असेल, तर उठवावें.

तो पुठ्ठा भाच्यानें आम्हांस परत दिला. 'उन्हाळी' व 'हिंवाळी' हे शब्द खोडून त्यावर आम्हीं तांबड्या शाईनें तारखा लिहिल्या आहेत. तरीहि आतां रविवारीं बाळाचा फोन येतो तेव्हां आम्ही त्याकडे पाहत नाहीं. पहिलें वाक्य ठरलेलें असतें: "बाळ, तुझ्याकडे आत्तां किती वाजले?" तो सांगतो, आणि मग तोहि विचारतो, "अण्णा, तुझ्याकडे?"