अडलेलं अपडेट

आज विंडोजचं अपडेट पुन्हा अर्ध्यावर अडलं. पडद्यावर लांबलचक कोड, शेवटचे आकडे ८००७००७०. असा कोड दिसला की माणूस धसकतो. खरं तर त्यात दुखणं स्पष्ट लिहिलेलं असतं: डिस्कवर जागा उरलेली नाही. डिस्क क्लीनअप चालवलं, तात्पुरत्या फायली काढल्या, रीस्टार्ट केलं, अपडेट बसलं.

इथं मानवतमध्ये कापसाच्या पट्ट्या, सातबारा, पोरांचे निकाल, सगळं याच संगणकात असतं. विंडोज १०चा नेहमीचा आधार १४ ऑक्टोबर २०२५ला संपला. विंडोज ११साठी टीपीएम २.० हा सुरक्षा घटक लागतो, तो बऱ्याच जुन्या यंत्रांत नसतो. तरीही चालतं यंत्र मोडीत काढायला मन धजत नाही. आधी बॅकअप घ्यावा, कोड नीट वाचावा, मगच हात लावावा. ही सवय पोरांना लागावी, असं मनापासून वाटतं.