गुलदारची निवतीवरची नेमणूक

वाशिम जिल्ह्यातल्या जऊळक्याची समुद्राशी सोयरिक नाही. तिथून निघालेला प्रवासी अकोल्याला गाडी बदलतो, कल्याण-पनवेल करत कोकण रेल्वेला लागतो आणि कुडाळला उतरतो. पुढे निवती: जुना किल्ला, वाळूवर ओढलेल्या होड्या आणि दूर पाण्यात निवती रॉकचं दीपगृह.

याच खडकाजवळ नौदलाची निवृत्त युद्धनौका ‘गुलदार’ बुडवून पाण्याखालचं संग्रहालय आणि कृत्रिम भित्ती उभारायची, ही राज्य पर्यटन महामंडळाची योजना. सुमारे 83 मीटर लांबीची ही नौका पोलंडमध्ये बांधलेली. डिसेंबर 1985 मध्ये ती नौदलात आली. रणगाडे आणि सैनिक थेट किनाऱ्यावर उतरवायचे, हे तिचं काम. 12 जानेवारी 2024 ला पोर्ट ब्लेअरला तिचा ध्वज उतरला. फेब्रुवारी 2025 मध्ये कारवारला ती महामंडळाच्या हवाली झाली आणि तिथून विजयदुर्गला आली.

विजयदुर्गच्या पाण्याला जहाजांचा अंत नवा नाही. फेब्रुवारी 1756 मध्ये इथेच इंग्रजांच्या माऱ्यात तुळाजी आंग्र्यांचं आरमार जळालं, आणि पेशवे तेव्हा इंग्रजांच्या बाजूने होते! जुन्या विमानवाहू ‘विक्रांत’चं नशीबही बरं नव्हतं, 2014 मध्ये ती भंगारात तोडायला घेतली. त्या मानाने गुलदार भाग्यवान म्हणायची.

वाळू-चिखलाच्या तळावर कालवांच्या पिल्लांना चिकटायला कठीण जागा मिळत नाही. लोखंड तळाशी टेकलं की आधी सूक्ष्मजीवांचा बुळबुळीत थर बसतो, मग शेवाळ, कालवं, मऊ प्रवाळ. आडोशाला तांबोशी, गोबरे येतात. मासे तिथे नव्याने वाढतात की आसपासचेच गोळा होतात, यावर मात्र अभ्यासकांचं एकमत नाही.

फ्लोरिडाजवळ 17 मे 2006 रोजी ‘ओरिस्कानी’ ही अमेरिकी विमानवाहू नौका अशीच बुडवली. त्याआधी तिच्यातलं तेल आणि बरीचशी घातक रसायनं काढावी लागली. ही साफसफाई नीट झाली नाही तर भित्ती कसली, तळाशी उकिरडाच! कोकणातल्या मच्छीमाराला शिवाय जाळ्यांचा घोर: लोखंडात अडकलेलं जाळं सहसा सलग परत येत नाही.

जऊळक्याच्या प्रवाशाला पाण्यात उतरायचंच असेल, तर जवळच तारकर्लीला महामंडळाचं स्कूबा प्रशिक्षण केंद्र आहे. पावसाळा मात्र टाळायचा. तेव्हा समुद्र गढूळ असतो आणि होड्या किनाऱ्यावर शाकारलेल्या असतात.