रायपूरचा जादूचा मुकुट

"मावशी, खराखुरा जादूचा मुकुट कुठे असतो का गं?"

माझा नऊ वर्षांचा भाचा वहीत स्वतःचं एक राज्य रचतोय. त्यात सात डोंगर आहेत, बोलणारे पोपट आहेत आणि एक मुकुट आहे. तो घातला की माणसात शंभर बैलांचं बळ येतं. पण तो दिसतो कसा, इथे गाडी अडली होती. मोबाइलवर शोधलं तर सगळे सोन्याचे, हिऱ्यांचे, परदेशी राजाराण्यांचे मुकुट. मी म्हटलं, "रविवारी चल माझ्याबरोबर. आपल्या गावातच दाखवते."

आपलं गाव म्हणजे रायपूर. इथे मराठी माणसं काही कालपरवा आलेली नाहीत. नागपूरकर भोसल्यांपैकी बिंबाजी 1758 ते 1787 या काळात रतनपूरहून छत्तीसगडचा कारभार बघत होते. आज शहरात तात्यापारा आहे, चौबे कॉलनीत महाराष्ट्र मंडळ आहे. गणपती, हळदीकुंकू सगळं साग्रसंगीत होतं. पण शेजारच्या बस्तरबद्दल आमच्या घरांत बोलणं व्हायचं ते चित्रकोट धबधब्यापुरतं.

मुक्तांगणातला नर्तक

रायपूरहून साधारण 20 किलोमीटरवर, नवा रायपूरमध्ये पुरखौती मुक्तांगण आहे. 2006 साली तेव्हाचे राष्ट्रपती डॉ. अब्दुल कलाम यांच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं. 'पुरखौती' म्हणजे पूर्वजांचा वारसा. मोकळ्या आवारात छत्तीसगडचं लोकजीवन आणि लोकनृत्यं दाखवणारे पुतळे आहेत.

भाचा धावत सुटला आणि एका पुतळ्यापाशी थबकला. गळ्यात आडवा लांब ढोल. डोक्यावर दोन्ही बाजूंना वळलेली मोठी शिंगं. "हाच! हाच माझा राजा!"

तो राजा नव्हता. तो होता दक्षिण बस्तरमधला दंडामी माडिया नर्तक. हेमलकसा-भामरागडचे माडिया आपल्याला ऐकून माहीत असतात. हे त्यांच्या नात्यातले, पण वेगळे. लग्नात आणि सणासुदीला ते हा मुकुट घालून नाचतात.

शिंगं, कवड्या आणि पिसं

मुकुटाचा सांगाडा बांबूचा असतो. त्यावर कापड, दोन्ही बाजूंना गव्याची शिंगं, वर पिसांचा तुरा. समोर कवड्यांच्या माळा सोडलेल्या असतात. मुंडावळ्या कपाळावरून दोन्ही गालांशी येतात, या माळा मात्र चेहऱ्यावरच झालरीसारख्या लोंबतात. नाचणाऱ्याचे डोळे कवड्यांआडून दिसतात.

गवा म्हणजे आपल्या राधानगरी-दाजीपूरच्या जंगलातला तोच धिप्पाड प्राणी. छत्तीसगडचा राज्यप्राणी असलेला वनभैंसा, म्हणजे रानम्हैस, वेगळी. इंग्रजांनी गव्याला 'बायसन' म्हटलं. 1938 मध्ये डब्ल्यू. व्ही. ग्रिगसन या अधिकाऱ्याने बस्तरच्या माडियांवर पुस्तक लिहिलं, त्यातही या लोकांना 'बायसन-हॉर्न माडिया' असंच म्हटलं आहे. खरं तर बायसन अमेरिकेत आणि युरोपात असतो. पण नाव चिकटलं ते चिकटलंच.

माझी एक चूक

हे सगळं मला आधीपासून ठाऊक होतं असं नाही. कंटेंट रायटर म्हणून नोकरीला लागले, तेव्हा पहिल्याच महिन्यात एका पोस्टसाठी या मुकुटाच्या फोटोवर मी ओळ लिहिली होती, 'बस्तरचा जंगली मुकुट'. दोन मिनिटांत लिहिली आणि विसरलेही.

संध्याकाळी कॉलेजमधल्या मैत्रिणीचा फोन आला. ती दंतेवाड्याकडची. रागावली नव्हती, तेच जास्त लागलं. म्हणाली, "वो मेरे दादाजी का है. जंगली नहीं है."

फोटोतला मुकुट त्यांच्या घरचा नव्हता. पण अगदी तसाच एक त्यांच्या घरी आहे. आजोबांनी तो वडिलांकडे दिला. आता शिंगं सहज मिळत नाहीत. गवा 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने संरक्षित आहे, त्याची शिकार करता येत नाही आणि करूही नये. त्यामुळे जुनी शिंगं जिवापाड जपायची. पण तिचा भाऊ रायपूरला नोकरी करतो आणि त्याला तो नाच येत नाही. मुकुट घरात कापडात गुंडाळून ठेवलाय.

"मग भाऊ नुसता घालून फोटो का काढत नाही?" मी विचारलं.

ती हसली. "ढोल वाजवता येत नाही, तर घालून करणार काय?"

मी ती ओळ काढून टाकली. पण ती आठवण आजही टोचते.

जादू कशात आहे?

पुढे रायपूरच्या सायन्स कॉलेज मैदानावर आदिवासी नृत्य महोत्सवात मी हा नाच बघितला. पुरुष गव्यासारखे मान हलवतात, एकमेकांवर धावून जातात, शिंगं उडवतात, आणि हे सगळं ढोल वाजवता वाजवता. बायका कपाळावर पितळी पट्टी बांधून, हातातली घुंगरांची लोखंडी काठी जमिनीवर आपटत ताल धरतात. काठीचा ताल चुकला तर शिंगांचा रुबाब कसला राहणार!

गोष्टींमधला मुकुट एकालाच मिळतो आणि त्यासाठी लढाया होतात. इथे मात्र तो सोपवला जातो. छत्तीसगडी लग्नातही नवऱ्याचा मुकुट, म्हणजे 'मउर', छिंदाच्या पानांचा करतात. छिंद म्हणजे आपली शिंदी. वरात निघण्याआधी आई आणि घरातल्या बायका एकेक करून तो नवऱ्याला सोपवतात. शेजारच्या लग्नात हा विधी बघताना माझ्या आईच्याही डोळ्यांत पाणी आलं होतं.

तुम्ही जाणार असाल तर

• मुक्तांगणात पायी फिरणं खूप आहे. हिवाळ्यात जा, मुलांसाठी टोपी आणि पाणी घ्या.

• शहरातच महंत घासीदास संग्रहालय आहे. त्याची स्थापना 1875 ची. त्याच्या आवारातल्या 'गढकलेवा'त चीला, फरा, ठेठरी आणि खुरमी नक्की खा.

• वेळ असेल तर सुमारे 300 किलोमीटरवरच्या जगदलपूरला जा. तिथे मानवशास्त्र संग्रहालय आहे. 75 दिवस चालणारा बस्तर दसराही तिथलाच.

• नाच बघायला मिळाला तर फोटो काढण्याआधी विचारा. आणि "जरा घालून बघू?" असं म्हणू नका.

परतताना भाचा गाडीत गप्प होता. मग त्याने वही काढली. मुकुटाला शिंगं आली, कवड्या आल्या. खाली त्याने राज्याचा नवा नियम लिहिला: 'हा मुकुट ढोल शिकल्याशिवाय चालू होत नाही.'

मी मैत्रिणीला त्या पानाचा फोटो पाठवला. तिने तो भावाला पाठवला. भाऊ या दिवाळीत गावी जाणार आहे म्हणे, आठ दिवस जास्त सुट्टी काढून.